आघाडीचा गडी

क्रिकेटविषयीं आमच्या घरांतून जेवढें बोलणें होतें तेवढें दुसऱ्या कोणत्याही परदेशी खेळाविषयीं होत नाहीं. फुटबॉल, टेनिस, बॅडमिंटन यांची थोडीबहुत ओळख मुलांना असते. पण रग्बी म्हटलें, कीं लांबोळका चेंडू, चिखलांत लोळणारे धिप्पाड पुरुष आणि कांहींतरी हुल्लड, एवढेंच चित्र बहुतेकांच्या डोळ्यांपुढें उभें राहतें. या महिन्यांत आम्ही वाचकांपुढें हाच खेळ मांडणार आहों. आणि त्यांतही, वाऱ्यासारखा धांवून गुण मिळविणारा जो गडी वर्तमानपत्रांतील छायाचित्रांत झळकतो त्याला बाजूस ठेवून, ज्याचें काम ढकलणें, अडविणें, पडणें आणि पुन्हां उठणें एवढेंच दिसतें, त्या आघाडीच्या गड्याची हकीकत सांगणार आहों.

असला विषय कुटुंबांतील वाचनाच्या मासिकांत कशाला, असें कोणी विचारील. त्याचें पहिलें कारण असें कीं, आज आमच्या वाचकांपैकीं पुष्कळांची मुलें-नातवंडें इंग्लंड, न्यूझीलंड, ऑस्ट्रेलिया या देशांत स्थायिक झालेलीं आहेत, आणि तेथील अनेक शाळांतून रग्बी हा हिवाळ्यांतील नेहमींचा खेळ आहे. नातवाची शाळेच्या संघांत निवड झाली हें कानीं आल्यावर येथील आजी-आजोबांनीं पेढे वाटावे कीं काळजी करावी, हें त्यांना उमगत नाहीं. दुसरें कारण अधिक व्यापक आहे. खेळावर पोट भरणें ही गोष्ट आमच्या वर्गांत एके काळीं हास्यास्पद समजली जात असे. आतां ती स्थिति राहिलेली नाहीं. मुलगा खेळांत चमकूं लागला, कीं शाळेचा अभ्यास मागें सारून त्याला त्याच मार्गास लावावें काय, हा प्रश्न चांगल्या शिकलेल्या घरांतूनही उभा राहतो. तेव्हां या धंद्याचा जमाखर्च एका माणसाच्या आयुष्यांत कसा लिहिला गेला, तें नीट पाहणें अप्रस्तुत होणार नाहीं.

प्रथम खेळ थोडा समजून घेऊं. रग्बी युनियनमध्यें एका बाजूस पंधरा गडी असतात. आठ आघाडीचे, सात पिछाडीचे. एखादी बारीकसारीक चूक होऊन खेळ थांबला, म्हणजे दोन्हीं बाजूंचे आठ आठ गडी खांद्याला खांदा भिडवून, कमरेंत वांकून, एकमेकांत डोकीं गुंतवून उभे राहतात. यास स्क्रम म्हणतात. मधल्या बोळकांडींत चेंडू टाकला जातो आणि दोन्हीं फळ्या एकमेकींस रेटूं लागतात. एका फळीचें वजन ९०० किलोच्या घरांत जातें. म्हणजे दोन चांगल्या बैलजोड्या समोरासमोर येऊन टकरा घेत आहेत, असेंच म्हणावयाचें. पुढल्या रांगेंत तिघे असतात. कडेच्या दोघांस प्रॉप, म्हणजे टेकू, असें नांव आहे, आणि तें सार्थ आहे. मधला तो हुकर. त्याचे दोन्हीं हात शेजाऱ्यांच्या खांद्यांवर अडकलेले; पायानें चेंडू मागें ओढावयाचा; आणि मान प्रतिपक्षाच्या दोन डोक्यांच्या सांदींत. कांहीं झालें तरी हात सोडवून डोकें सांवरण्याची सोय त्याला नसते.

कोल्हापूर-सांगलीकडील आमच्या वाचकांनीं तालमींतले पहिलवान पाहिलेले असतात. मुरलेल्या पहिलवानाचा कान फुटून त्याचा गोळा झालेला असतो. घासण्यानें कातडें आणि आंतील कुर्ची यांच्यामध्यें रक्त सांखळतें, आणि वेळीं तें काढलें नाहीं तर कान कायमचा वेडावांकडा होतो. रग्बीच्या आघाडीच्या गड्याचा कान हुबेहूब तसाच असतो. खासबागेंतला मल्ल आणि इंग्लंडमधील हुकर यांना एकमेकांची भाषा येत नसेल, पण एकमेकांचे कान पाहून त्यांना परस्परांचा धंदा ओळखतां येईल. एवढें मात्र ध्यानांत ठेविलें पाहिजे कीं, फुटलेला कान आरशांत दिसतो. कवटीच्या आंत काय होतें तें आरशांत दिसत नाहीं.

या खेळाचा आपल्या देशाशीं संबंध अगदींच नाहीं असें नाहीं. इंग्लंड आणि स्कॉटलंड यांच्यामध्यें दरवर्षीं ज्या करंडकासाठीं सामना होतो त्याचें नांव कलकत्ता करंडक. १८७३ सालीं कलकत्त्यांतील गोऱ्या मंडळींनीं एक रग्बी क्लब काढला होता. हवा उष्ण, पोलो आणि टेनिस यांची चटक लागलेली, थोड्याच वर्षांत क्लब ओस पडला. तेव्हां सभासदांनीं बँकेंतील शिल्लक चांदीच्या रुपयांच्या रूपानें काढून घेतली, २७० रुपये वितळविले आणि त्यांचा एक चषक घडवून घेतला. त्याच्या तीन मुठी नागाच्या आकाराच्या असून झांकणावर हत्ती आहे. १८७८ मध्यें हा चषक इंग्लंडच्या रग्बी संघटनेस देण्यांत आला आणि पुढील वर्षापासून त्यासाठीं सामने सुरू झाले. हिंदुस्थानांत कमावलेल्या रुपयांचें काय काय झालें, या मोठ्या हिशेबांत ही रक्कम किरकोळच. पण निदान ती डोळ्यांना दिसते तरी! मुंबईंत १८७५ सालीं स्थापन झालेल्या बाँबे जिमखान्याच्या मैदानावर आजही पावसाळ्याच्या चिखलांत हा खेळ चालतो. सुप्रसिद्ध नट राहुल बोस हे तेथीलच खेळाडू. ते भारताच्या संघांतूनही खेळले आहेत.

आतां मूळ विषयाकडे वळूं. रग्बी युनियनमध्यें खेळाबद्दल पैसा घेणें हें पुरीं शंभर वर्षें पाप मानलें जात होतें. १८९५ सालीं उत्तर इंग्लंडमधील क्लबांनीं मागणी केली कीं, सामन्यासाठीं गिरणींतील व खाणींतील ज्या कामगारांची रोजी बुडते त्यांना तेवढी तरी भरपाई मिळावी. दक्षिणेकडील सुखवस्तु चालकांनीं ती नाकारली, आणि त्यावरून खेळाचे दोन तुकडे झाले. पैसा घेणारा तो रग्बी लीग, न घेणारा तो रग्बी युनियन. ‘खेळ खेळासाठीं’ हें तत्त्व ऐकावयास गोड आहे. पण ज्याच्या घरीं दुसऱ्या दिवशींची चूल पेटण्याची भ्रांत नाहीं त्यालाच तें परवडतें, हेंही कबूल केलें पाहिजे. आमच्याकडे गाण्याबजावण्याच्या बाबतींत असेंच सोंवळें पुष्कळ दिवस पाळलें गेलें आहे. अखेर १९९५ च्या ऑगस्टांत पॅरिस येथें आंतरराष्ट्रीय मंडळाची बैठक झाली आणि रग्बी युनियनही पैशाला मोकळें झालें.

या ठरावापूर्वींचा आघाडीचा गडी हा आठवड्याचे पांच दिवस दुसरेंच कांहींतरी असे. कोणी शेतकरी, कोणी पोलीस, कोणी डॉक्टर. इंग्लंडकडून ११४ सामने खेळलेला जेसन लेनर्ड हा प्रॉप धंद्यानें सुतार होता. सामना शनिवारीं, सराव आठवड्यांतून एक-दोन संध्याकाळ. सोमवारीं हातांत करवत घ्यावयाची असल्यामुळें शरीरास सक्तीचीच विश्रांति मिळे. पैसा आल्यावर क्लबांनीं गड्याचा सगळा आठवडा विकत घेतला. सकाळीं वजनें उचलणें, दुपारीं स्क्रमचा सराव, दुसऱ्या दिवशीं पुन्हां तेंच. शरीरें वाढलीं, धडका वाढल्या, धडकांची संख्या वाढली. सामन्याचीं मिनिटें मात्र पूर्वींइतकींच, ऐशींच, राहिलीं. म्हणून बाहेरून पाहणाऱ्यास फरक फारसा जाणवला नाहीं.

स्टीव्ह थॉम्सन हे या नव्या व्यवस्थेच्या पहिल्याच पिढींतले गृहस्थ. त्यांचा जन्म १९७८ सालचा. म्हणजे ठराव झाला तेव्हां ते सतरा वर्षांचे होते. नॉर्थॅम्प्टन हें जोड्यांच्या कारखान्यांबद्दल प्रसिद्ध असलेलें गांव. तेथील रग्बी क्लब १८८० मध्यें एका पाद्रीबोवांनीं देवळाच्या आश्रयानें, मुलांना वळण लागावें म्हणून, सुरू केलेला. म्हणूनच त्याला लोक ‘संतांचा संघ’ म्हणतात. या संतांच्या संघांत थॉम्सन तरुणपणींच दाखल झाले. त्या वेळीं ते स्क्रमच्या मागल्या बाजूस, मोकळ्या अंगानें धांवणाऱ्या जागेवर, खेळत असत. इयन मॅकगीकन या नामांकित शिक्षकानें त्यांचा बांधा पाहून त्यांना हुकर बनविलें. सहा फुटांहून अधिक उंची आणि सव्वाशे किलोच्या आसपास पोंचणारें वजन, असा देह त्या जागेवर पूर्वीं क्वचित् दिसे.

हुकरला आणखी एक काम असतें. चेंडू मैदानाबाहेर गेला म्हणजे तो परत आंत फेंकावयाचा. दोन्हीं बाजूंचे उंच गडी रांगेनें उभे असतात, आपल्या गड्याला सवंगडी उचलून धरतात, आणि त्याच क्षणीं, त्याच उंचीवर, चेंडू त्याच्या हातांत पडला पाहिजे. ही करामत ज्याला बालपणापासून येत नाहीं त्याला ती विशीनंतर शिकणें म्हणजे मोठेपणीं तबल्यावर हात बसविण्यासारखें आहे. थॉम्सन तें शिकले. हजारों वेळां तोच चेंडू, त्याच अंतरावर. आघाडीच्या गड्यास बुद्धि नसते, नुसतें बळ असतें, असा जो समज आहे तो किती पोकळ आहे, हें या एका गोष्टीवरून दिसून येईल.

२००२ च्या फेब्रुवारींत एडिंबरो येथें त्यांचा इंग्लंडकडून पहिला सामना झाला. आणि तो नेमका कलकत्ता करंडकाचा होता. इंग्लंडनें तो २९ विरुद्ध ३ गुणांनीं जिंकला. पुढल्या वर्षींच्या जून महिन्यांत वेलिंग्टन येथें न्यूझीलंडशीं सामना चालू असतां इंग्लंडचे आघाडीचे दोन गडी शिक्षा होऊन एकाच वेळीं बाहेर काढले गेले. उरलेल्या सहाजणांनीं आपल्या गोलरेषेपाशीं समोरच्या आठजणांचा रेटा अडवून धरला आणि इंग्लंड १५ विरुद्ध १३ असें जिंकलें. त्या सहांमध्यें मधोमध थॉम्सन होते. या खेळाचे जाणते लोक आजही त्या कांहीं मिनिटांची गोष्ट काढतात.

त्यानंतर २२ नोव्हेंबर २००३. सिडनी येथें विश्वचषकाचा अंतिम सामना, यजमान ऑस्ट्रेलियाविरुद्ध. ऐशीं मिनिटें संपलीं तेव्हां दोन्हीं बाजूंचे गुण १४. जादा वेळाच्या शेवटच्या मिनिटांत १७-१७. इंग्लंडला चेंडू आंत फेंकण्याची संधि मिळाली. चुकीच्या हातीं गेला तर सर्व संपलें. थॉम्सन यांनीं जवळच्या गड्यास सोपा चेंडू न देतां रांगेच्या अगदीं शेवटच्या टोंकाला, ल्युइस मूडीपर्यंत, तो लांबवर फेंकला, आणि तो बिनचूक पोंचला. तेथून चार-दोन हात बदलून चेंडू जॉनी विल्किन्सनकडे आला. त्यानें तो आपल्या कमजोर, उजव्या पायानें खांबांमधून मारला. वीस विरुद्ध सतरा. विल्किन्सनची ती लाथ इंग्लंडमध्यें अजून घरोघर ठाऊक आहे. आधींची ती फेंक फार थोड्यांना आठवते. जादा वेळ धरून शंभर मिनिटें थॉम्सन मैदानावर होते. बदली गडी घेतला गेला नाहीं. डिसेंबरांत लंडनच्या रस्त्यांवर लाखों लोकांनीं त्या संघाची मिरवणूक पाहिली.

पुढील वर्षांविषयीं विस्तार नको. २००७ सालीं मानेला दुखापत झाल्यामुळें त्यांनीं खेळ सोडल्याचें जाहीर झालें. पण त्याच वर्षीं फ्रान्समधील ब्रीव्ह येथील क्लबाकडून ते पुन्हां मैदानांत उतरले. इंग्लंडच्या संघांतही परत आले, आणि २०११ च्या विश्वचषकांतही खेळले. त्याच वर्षाच्या अखेरीस मान पुन्हां दुखावली आणि तेहतिसाव्या वर्षीं निवृत्ति कायमची झाली. इंग्लंडकडून एकूण ७३ सामने. हा आंकडा कोणत्याही गड्याला अभिमान वाटावा असाच आहे. ज्या वयांत आमच्याकडील वकील किंवा डॉक्टर नुकता कोठें पाय रोवूं लागतो, त्या वयांत या माणसाची नोकरी, हुद्दा, ओळख, सारें संपलेलें होतें. तेवढ्यावर भागलें असतें तरी आम्हांस हा लेख लिहावासा वाटला नसता.

२०२० च्या डिसेंबरांत थॉम्सन यांनीं जाहीरपणें सांगितलें कीं, आपल्याला अकालीं स्मृतिभ्रंश झाल्याचें निदान झालें आहे. वय बेचाळीस. चार मुलांचे वडील. त्यांनीं आणखी सांगितलें तें ऐकून क्रीडाजगत् सुन्न झालें: विश्वचषक जिंकल्याचें आपल्याला आठवत नाहीं! त्या सामन्याचा चित्रपट लावला असतां इंग्लंडचा संघ खेळत आहे असें दिसतें, त्यांत आपणही दिसतों, पण तेथें आपण होतों असें कांहीं केल्या वाटत नाहीं. शेजारीं उभ्या असलेल्या पत्नीचें नांवही कधीं कधीं जिभेवर येत नाहीं. पुन्हां संधि मिळाली तर हा धंदा करणार काय, या प्रश्नास त्यांनीं नकारार्थीं उत्तर दिलें. ज्या गोष्टीसाठीं शरीर झिजविलें ती गोष्टच जर मनांत उरली नाहीं, तर तिचें मोल आपण कसें करावें, असा त्यांच्या म्हणण्याचा मथितार्थ होता.

हें कशानें झालें? येथें मेंदूविषयीं दोन शब्द सांगितले पाहिजेत. आमच्या भगिनींनीं गोटा झालेला नारळ हलवून पाहिला असेलच. करवंटी जशीच्या तशी असते, पण आंत खोबरें खुळखुळतें. मेंदूही कवटीच्या आंत द्रवांत तरंगत असतो. डोकें जोरानें आदळलें किंवा मानेला एकदम हिसका बसला, तर कवटीला ओरखडाही न उठतां आंत मेंदु हेलकावतो आणि त्याचे सूक्ष्म तंतु ताणले जातात. म्हणूनच डोक्याला मऊ टोपी घातल्यानें कान वांचतो, पण मेंदूचा हेलकावा थांबत नाहीं. असे आघात वर्षानुवर्षें होत राहिले तर कांहींजणांच्या मेंदूंत टाऊ नांवाचें एक प्रथिन गुंता होऊन सांचूं लागतें आणि पेशी मरत जातात. मुष्टियोद्ध्यांमध्यें हा प्रकार १९२८ सालींच हॅरिसन मार्टलंड या अमेरिकन डॉक्टरनें वर्णन करून ठेविला होता. त्याला पुढें कित्येक वर्षें इतर खेळांच्या चालकांनीं आपला विषय मानलें नाहीं. २००२ सालीं बेनेट ओमालू या नायजेरियांत जन्मलेल्या डॉक्टरनें माइक वेबस्टर या मृत अमेरिकन फुटबॉलपटूचा मेंदु तपासला, आणि मग जग जागें झालें. वेबस्टर हाही आपल्या संघाच्या पुढल्या फळींत मधोमध उभा राहणारा, दर खेपेस समोरच्याशीं डोक्यानें भिडणारा गडी होता, हें विसरूं नये. या रोगाची पक्की खात्री मृत्यूनंतरच होते. जिवंतपणीं डॉक्टर ‘असा संभव आहे’ एवढेंच म्हणूं शकतात. थॉम्सन यांच्याबाबतही तसेंच म्हटलें गेलें.

आतां मौजेची नव्हे, पण विचार करण्याजोगी गोष्ट ही कीं, थॉम्सन यांच्या सांगण्यांत सामन्यांपेक्षां सरावाचाच उल्लेख अधिक येतो. स्क्रमच्या सरावासाठीं लोखंडी सांगाड्याचें एक जड यंत्र असतें. त्यावर आठ जणांनीं धांवून आदळावयाचें. या आदळण्यानंतर कित्येकदां त्यांच्या डोळ्यांपुढें अंधारी येई, क्षणभर ते निपचित पडत, आणि सवंगडी थट्टेनें म्हणत, कीं याची छोटीशी झोप चालली आहे, उठेल एवढ्यांत. थट्टा करणारे दुष्ट होते असें नाहीं. त्यांनाही तेंच होत होतें. ज्या समाजांत दुखणें लपविणें हाच पुरुषार्थ ठरतो तेथें थट्टा हेंच औषध होऊन बसतें. पहिलवानकीच्या जगांतही ‘मातींत पडलेला मातींतच उठतो’ या थाटाचीं वाक्यें आपण ऐकतों, आणि आपल्याला तीं आवडतातही.

थॉम्सन यांच्याबरोबर त्याच महिन्यांत आपलें निदान जाहीर करणारे दुसरे दोघे, वेल्सचे ॲलिक्स पॉपम आणि इंग्लंडचे मायकेल लिपमन, हेही आघाडीचेच गडी. या मंडळींनीं खेळाच्या आंतरराष्ट्रीय मंडळास आणि इंग्लंड व वेल्स येथील संघटनांस कायदेशीर नोटिसा दिल्या. पुढील वर्षांत शेकडों माजी खेळाडू त्यांना येऊन मिळाले आणि प्रकरण लंडनच्या हायकोर्टांत गेलें. आम्हांला पुरेसें ठाऊक असतांही आमचें रक्षण केलें नाहीं, असा त्यांचा आरोप. आणि उपलब्ध शास्त्रीय ज्ञानाप्रमाणें आम्ही योग्य ती काळजी घेत आलों, असा संघटनांचा बचाव. याचा निवाडा करणें हें न्यायाधीशांचें काम असून त्यांत आम्ही पडूं इच्छीत नाहीं.

तथापि एक मत नोंदविल्याशिवाय राहवत नाहीं. या खेळांत धोका आहे हें प्रत्येक गडी जाणून उतरतो, सबब तक्रारीस जागा नाहीं, असें जें म्हटलें जातें तें आम्हांस पटत नाहीं. मान मोडेल, गुडघा फुटेल, हा धोका त्यानें जाणला होता. मानेनें तर त्याला एकदां घरीं बसविलेंही होतें. बेचाळिसाव्या वर्षीं आपलीच कीर्ति आपल्याला परकी वाटेल, हा धोका त्याच्यापुढें कोणीं मांडला होता? जोखीम पत्करणें आणि न सांगितलेली जोखीम अंगावर येणें यांत अंतर आहे. दुसरेंही आहे. धंद्याचा करार एकट्या गड्याशीं होतो. त्याची किंमत चुकविणारे मात्र घरांतले असतात. इंग्लंडमधील कुटुंब लहान. नवऱ्याला औषधें देणारी, त्याच्या विसरण्याला व रागाला सांभाळणारी, मुलांना समजावणारी आणि मिळकतीची चिंता वाहणारी ती एकच बाई. आमच्या एकत्र कुटुंबांत हें ओझें वांटलें जातें असें आम्ही अभिमानानें म्हणतों. पण प्रत्यक्षांत तेंही बहुधा एखाद्या सुनेच्याच खांद्यावर जाऊन बसतें, हें आमच्या वाचक भगिनी आम्हांहून अधिक जाणतात.

खेळाच्या चालकांनीं कांहींच केलें नाहीं असें म्हणणें अन्यायाचें होईल. स्क्रममध्यें पूर्वीं दोन्हीं फळ्या अंतरावरून येऊन आदळत. बाथ येथील विद्यापीठानें या धडकेचा जोर मोजला, आणि २०१३ पासून गड्यांनीं आधीं एकमेकांस हातानें धरावें आणि मगच भिडावें, असा नियम झाला. त्यामुळें पहिल्या धडकेचा जोर सुमारें २५ टक्क्यांनीं कमी होतो असें दिसून आलें. २०१२ पासून मोठ्या सामन्यांत डोक्यास मार बसल्याचा संशय येतांच गड्याला बाहेर नेऊन डॉक्टरकडून तपासण्याची पद्धति पडली. २०२१ मध्यें आंतरराष्ट्रीय मंडळानें शिफारस केली कीं, पूर्ण ताकदीनें भिडण्याचा सराव आठवड्यांतून १५ मिनिटांपेक्षां अधिक नसावा. ही शिफारस वीस वर्षें आधीं झाली असती तर! २०२४ पासून वरिष्ठ खेळाडूंच्या दांतांवरील कवचांत धडकेचा जोर मोजणारें यंत्रही बसविलें जाऊं लागलें आहे. आणि इंग्लंडमधील हौशी सामन्यांत २०२३ पासून प्रतिपक्षाला छातीच्या खालींच धरावें, वर धरूं नये, असा निर्बंध आहे.

ज्यांच्या घरचीं मुलें परदेशीं हा खेळ खेळतात त्यांनीं काय करावें? खेळ बंद करा, असें आम्ही म्हणणार नाहीं. सांघिक खेळानें मुलगा जें शिकतो तें पुस्तकांतून मिळत नाहीं, आणि शाळेंतील खेळ म्हणजे पंधरा वर्षांचा धंदा नव्हे. पण आईबापांनीं कांहीं गोष्टी आवर्जून विचाराव्या. इंग्लंडमध्यें लहानग्यांचा खेळ कमरेची पट्टी ओढण्याचा असतो. अंगाला भिडण्याचा खेळ नऊ वर्षांखालील गटापासून सुरू होतो. त्यापुढें आठवड्यांतून किती वेळ भिडण्याचा सराव घेतला जातो, तें शाळेला विचारण्याचा पालकास हक्क आहे. डोक्याला मार बसल्यावर मुलगा बेशुद्ध पडला नाहीं, म्हणजे कांहीं झालें नाहीं, ही समजूत चुकीची आहे. बहुतेक मेंदुआघातांत शुद्ध जातच नाहीं. डोकें दुखणें, उलटी, चालतांना तोल जाणें, उजेड सहन न होणें, तोच प्रश्न पुन्हां पुन्हां विचारणें, एकाएकीं चिडचिडेपणा, यांपैकीं एखादें लक्षण दिसलें तरी त्या दिवशीं पुन्हां मैदानांत पाऊल टाकतां कामा नये आणि डॉक्टरचा सल्ला घ्यावा. ब्रिटनमध्यें २०२३ सालीं हौशी खेळांसाठीं जीं मार्गदर्शक सूत्रें प्रसिद्ध झालीं, त्यांप्रमाणें असा आघात झाल्यापासून २१ दिवस पुरे होण्याच्या आंत सामन्यांत उतरावयाचें नसतें. मुलगा हट्ट करील, संघाचा शिक्षक महत्त्वाच्या सामन्याची आठवण करून देईल. अशा वेळीं घरांतील एका तरी वडील माणसानें वाईटपणा घ्यावा. आणि हें फक्त रग्बीलाच लागू आहे असें नाहीं. कुस्ती, कबड्डी, मल्लखांब, इतकेंच काय, आंबा काढतांना झाडावरून पडणें, यांनाही तें तितकेंच लागू आहे.

जो मुलगा खरोखरच हा धंदा करूं म्हणतो त्याच्या हातीं दुसरी विद्या असावी, हें निराळें सांगावयास नको. लेनर्ड यांच्या हातीं सुतारकी होती. तेहतिसाव्या वर्षीं रिकाम्या हातांनीं बाहेर पडणाऱ्यास पैशापेक्षांही सकाळीं उठून जावयाचें ठिकाण अधिक हवें असतें.

थॉम्सन यांनीं २०२२ मध्यें आपलें आत्मचरित्र प्रसिद्ध केलें; त्याच्या नांवाचा अर्थ ‘अविस्मरणीय’ असा होतो. त्याच सुमारास बी.बी.सी.नें त्यांच्या घरच्या जीवनाचा एक चित्रपट दाखविला. त्यापूर्वींच, २०२१ सालीं, त्यांनीं मरणोत्तर आपला मेंदु या रोगाचा अभ्यास करणाऱ्या संशोधकांस देण्याचें वचन दिलें आहे. ज्या योजनेंत तो जावयाचा आहे तिच्या उभारणींत जेफ ॲसल या इंग्लिश फुटबॉलपटूची कन्या अग्रभागीं आहे. ॲसल हे चेंडू डोक्यानें मारण्याबद्दल प्रख्यात होते, आणि २००२ मध्यें त्यांच्या मृत्यूच्या चौकशींत तेंच मृत्यूचें कारण ठरविलें गेलें होतें.